हप्ता छापता, बेरीजही छापा

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या शनिवारच्या घरांच्या पुरवणीतल्या गेल्या काही आठवड्यांच्या जाहिराती मी कापून ठेवल्या आहेत. पुनावळे, रावेत, मोशी, वाघोली, आंबेगाव. भाग वेगळे, बिल्डर वेगळे, पण सगळ्यांत ठळक आकडा एकच, महिन्याचा हप्ता. काहींत घराची किंमत आहे, तिच्यापुढे बारीक अक्षरांत ‘पासून पुढे’. घर कर्जावर घेतलं तर शेवटचा हप्ता जाईपर्यंत खिशातून एकूण किती रुपये जातील, हे मात्र एकाही जाहिरातीत नाही. आपल्या पुरवणीतल्या लेखांतही मला ते सापडलं नाही. ते छापावं, एवढ्यासाठी हे पत्र.

मी भोसरी एमआयडीसीतल्या एका कारखान्याच्या हिशेब खात्यातून निवृत्त झाले. आता चिंचवडला आमच्या सोसायटीची खजिनदार आहे. आकडे अर्धवट लिहिलेले दिसले की मला चैन पडत नाही, हा खात्यातल्या नोकरीचा परिणाम असावा.

आजच्या दरांच्या जवळपासचं उदाहरण घेते. कर्ज ५० लाख, व्याज ८ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो ४१,८२२ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज १ कोटी ३७ हजार. म्हणजे मुद्दल ५० लाख आणि व्याज त्याहून थोडं जास्तच. इथवर लोकांना अंदाज असतो, ‘दुप्पट जातात हो’ असं म्हणतातच. अंदाज नसतो तो मधल्या वर्षांचा. पहिल्या हप्त्यातले ३३,३३३ रुपये व्याजात जातात, मुद्दलात पडतात ८,४८९. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष उजाडतं. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले तर तोवर ५० लाख १९ हजार भरून झालेले असतात, म्हणजे घेतले त्याहून जास्त, आणि बाकी असते ३४ लाख ४७ हजार. दहाव्या वर्षी फ्लॅट विकायला काढणारी माणसं बँकेकडून बाकीचं पत्र मागवतात तेव्हा त्यांचे चेहरे पडतात ते यामुळे. यात बँकेची लबाडी नाही, हे आधीच सांगते. व्याज बाकीवर लागतं आणि सुरुवातीला बाकी मोठी असते, इतका साधा हिशेब आहे. पण तो सही करण्याआधी कळला तर मुदत किती घ्यायची याचा विचार माणूस वेगळा करतो.

कारण सॅम्पल फ्लॅट बघून झाल्यावर चहा देताना सेल्सवाला मुलगा हमखास म्हणतो, ‘मॅडम, तीस वर्षं घ्या ना, हप्ता पाच हजारांनी उतरेल.’ उतरतो, खरं आहे. तेच ५० लाख तीस वर्षांना घेतले की हप्ता ३६,६८८. बेरीज १ कोटी ३२ लाखांवर. महिन्याला ५,१३४ रुपये कमी देण्यासाठी एकूण ३१ लाख ७० हजार जास्त. त्या मुलाला मी हे विचारलं तर त्यानं मोबाइलवरचा कॅल्क्युलेटर पुढे केला. त्यात हप्ता मोठ्या अक्षरांत होता आणि बेरजेसाठी पडदा खाली सरकवावा लागत होता.

आता माझ्या बहिणीच्या मुलाचं सांगते, कारण मुदत न मागता कशी वाढते ते त्यात दिसतं. तो हिंजवडीला नोकरी करतो. त्यानं २०२१ मध्ये पुनावळ्याला तयार फ्लॅट घेतला, ४० लाखांचं कर्ज, २० वर्षं, ६.७५ टक्के. तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दरानं उसने पैसे देते तो, ४ टक्के होता. हप्ता ३०,४१५. त्याचं कर्ज रेपोला बांधलेलं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं अशी बाहेरच्या दराला बांधलेली असतात, आणि तो बदलला की तीन महिन्यांच्या आत कर्जाचाही दर बदलतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५० वर गेला. भाच्याचा दर झाला ९.२५.

बाकी तेव्हा ३८ लाख ९० हजारांच्या आसपास होती. ९.२५ टक्क्यांनी तिचं महिन्याचं व्याजच झालं २९,९८५ रुपये. म्हणजे जुन्या हप्त्यातले जेमतेम ४३० रुपये मुद्दलात पडणार. तो हप्ता तसाच चालू ठेवला असता तर कर्ज फिटायला आणखी ४६ वर्षं लागली असती! बँकेनं अर्थात तसं होऊ दिलं नाही. तिनं हप्ता ३२,००२ केला आणि मुदत तिथून पुढे ३० वर्षं. पत्र आलं ते यानंतर. भाचा मला म्हणाला, ‘मावशी, दीड हजारच वाढले, सुटलो.’ मी कागद घेऊन बसले. मुदत जुनीच ठेवली असती, म्हणजे उरलेली साडेअठरा वर्षं, तर हप्ता ३६,६४९ झाला असता. पुढची बेरीज ८१ लाख ३६ हजार. बँकेनं ठरवलेल्या रीतीनं बेरीज १ कोटी १५ लाख. दर तोच राहिला असं धरून, महिन्याला ४,६४७ रुपये वाचले त्याची किंमत जवळजवळ ३४ लाख. शिवाय नोकरी साठाव्या वर्षी संपणार आणि कर्ज सहासष्टाव्या.

हे ऐकून तो गप्प बसला, पण हप्ता वाढवून घेतला नाही. सूनबाई तेव्हा बाळंतपणानंतर घरी होती, एकाच पगारावर घर चाललेलं. त्या वेळी मुदत वाढवणं हाच शहाणपणा होता असं माझंही मत आहे. माझी तक्रार वेगळी आहे. निर्णय त्याचा असायला हवा होता आणि तो घेताना ३४ लाखांचा आकडा त्याच्या समोर असायला हवा होता. दोन्ही झालं नाही.

पुढे ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं याच गोष्टीवर परिपत्रक काढलं, हे बरं झालं. दर बदलताना हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला सांगायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं हे त्याला निवडू द्यायचं, आणि हप्त्यात व्याजही न भागता बाकी फुगत जाईल अशी मुदत ठेवायची नाही. दर तिमाहीला मुद्दल किती फिटलं, व्याज किती घेतलं, हप्ते किती उरले याचं विवरण द्यायचं. आपल्या वाचकांपैकी किती जणांनी हे तिमाही विवरण उघडून पाहिलं आहे? आमच्या सोसायटीत मी विचारलं तर ‘ॲपवर असेल बहुतेक’ हे उत्तर सर्वाधिक मिळालं.

आणि हा विषय आत्ता तातडीचा का, तर दर उतरले आहेत. फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.२५ वर आला. भाच्याचा दर ८ झाला, बाकी ३८ लाखांच्या जवळपास. (सव्वाचार वर्षांत सोळा लाखांहून जास्त भरून मुद्दल हललं ते सुमारे दोन लाख.) हप्ता कमी करून हवा का, अशी विचारणा त्याला झाली. कमी केला तर २८,५८८, महिन्याला ३,४१४ सुटे, मुदत होती तशीच, सव्वासत्तावीस वर्षं. हप्ता ३२,००२ च ठेवला तर कर्ज १९ वर्षं ८ महिन्यांत फिटतं. दोन्ही बेरजांत फरक सुमारे १८ लाखांचा. आता सूनबाई परत नोकरीला लागली आहे. त्यानं हप्ता आहे तोच ठेवला. मला विचारून नव्हे, या वेळी बेरीज त्यानं स्वतःच केली होती.

यावर काही सुशिक्षित मंडळी मला सांगतात की नुसती बेरीज करणं भाबडेपणाचं आहे, वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो, पगार वाढतात, हप्ता हलका होत जातो. मान्य. आम्ही नव्वदच्या दशकात चौदा टक्क्यांच्या वर व्याजानं कर्ज काढलं, पहिली काही वर्षं हप्त्यानं जीव काढला आणि शेवटी शेवटी तो भाजीच्या खर्चात जमा झाल्यासारखा वाटायचा. तेव्हा घटत्या बाकीचा हिशेब कित्येक ठिकाणी वर्षातून एकदा व्हायचा. मार्चच्या आत भरलेल्या मुद्दलाचा फायदा पुढच्या वर्षी मिळायचा. आता तो दर महिन्याला होतो, हा खरोखर मोठा फरक आहे. पण महागाईचा हा मुद्दा मुदत मुद्दाम लांबवायला कारण होत नाही. सुटलेले चार-पाच हजार जो शिस्तीनं कर्जाच्या दराहून जास्त परतावा देणाऱ्या ठिकाणी गुंतवतो, त्याचं गणित वेगळं. ते चार-पाच हजार गाडीच्या हप्त्यात जातात, अशी घरं मला जास्त दिसतात.

करसवलतीचंही तसंच. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. वरच्या ५० लाखांच्या कर्जाचं पहिल्या वर्षाचं व्याज ३ लाख ९६ हजार आहे. नव्या प्रणालीत राहत्या घराला ती वजावट नाहीच, आणि आता न विचारता लागू होते ती नवी प्रणाली. तरी सेल्स ऑफिसमधले तक्ते अजून ‘टॅक्स बचत’ वजा करून घर स्वस्त दाखवतात.

बाकी खर्चांवर फार लिहीत नाही, ते तरी लोक विचारतात. मुद्रांक शुल्क पुण्यात मेट्रोचा अधिभार धरून ७ टक्के, खरेदी फक्त बाईच्या नावावर असेल तर १ टक्का कमी. नोंदणी फी जास्तीत जास्त ३० हजार. हे पैसे कर्जात बसत नाहीत, पदरचे लागतात. एक गोष्ट मात्र हळूच कर्जात बसवतात, ती म्हणजे कर्जाचा विमा. एकरकमी हप्ता समजा १ लाख २० हजार, तो मुद्दलात मिळवला की ८ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे २ लाख ४१ हजार भरावे लागतात. विमा हवाच, कमावतं माणूस एकच असेल तर नक्कीच हवा, पण कायद्यानं तो या बँकेकडून, या कर्जात मिळवूनच घ्यावा अशी सक्ती नाही. साधा टर्म विमा वेगळा काढता येतो.

याउलट जास्तीचे पैसे भरण्याची ताकद लोकांना कळलेलीच नाही. त्याच ५० लाखांच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर बोनसमधले १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे दहा हप्ते पूर्ण आणि अकराव्यातला अर्धा गळतो, सुमारे ४ लाख ४० हजार रुपये. तेच १ लाख पंधराव्या वर्षी भरून एवढं हाती लागत नाही. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून बंदी आहे. काउंटरवरचा माणूस ‘चार्जेस लागतील’ म्हणाला तर लेखी मागावं. भरताना ‘मुदत कमी करा’ असंही लिहून द्यावं, नाहीतर कधी कधी हप्ता कमी होतो आणि मुदत तिथंच राहते.

आता मागणी. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जदाराला मुख्य बाबींचं विवरणपत्र देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर आणि हप्त्यांचं पूर्ण कोष्टक असतं, आणि ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यायचं असतं. म्हणजे मराठीत मागता येतं. पण ते हातात पडतं तेव्हा टोकनचे पैसे गेलेले असतात, घरात पेढे वाटून झालेले असतात. बेरीज त्याच्या आधी दिसायला हवी, आणि आधी दिसणारी जागा आपली पुरवणी आहे. जाहिराती आपल्या हातात नसतील, पुरवणीचं पहिलं पान आहे. तिथं एक छोटी चौकट द्या. कर्जाच्या दर लाख रुपयांमागे एकूण फेड किती: ८ टक्क्यांनी १५ वर्षांत १ लाख ७२ हजार, २० वर्षांत २ लाख १ हजार, २५ वर्षांत २ लाख ३२ हजार, ३० वर्षांत २ लाख ६४ हजार. वाचक आपल्या कर्जाच्या लाखांनी गुणून घेईल, त्याला कॅल्क्युलेटरही नको.

रिझर्व्ह बँकेनं दर बदलला की नवं कोष्टक मी त्याच दिवशी करून पाठवीन. मानधन नको. फक्त शेजारच्या जाहिरातीत हप्ता ज्या आकाराच्या टायपात असेल, त्याच टायपात ते छापा.

आपली,
एक निवृत्त हिशेबनीस, चिंचवड