दाराच्या अलीकडची मुलं

प्रिय मित्रा,

तुझं पत्र परवा मिळालं. दोनदा वाचलं आणि उत्तरासाठी आजची सकाळ मोकळी ठेवली, कारण हे चार ओळींत उरकण्यासारखं नाही. तुझ्या वर्गात वर्षाच्या मधेच एक नवी मुलगी आली आहे. पोरं तिला खेळात घेत नाहीत, तिच्या बोलण्याची नक्कल करतात, ती उत्तर द्यायला उठली की मागच्या बाकांवर खुसखुस सुरू होते. आणि तू विचारतोस की अमेरिकन लेखक रे ब्रॅडबरी याची ती शुक्रावरच्या पावसाची गोष्ट वर्गात वाचून दाखवू का. शिवाय तिच्यावरचा छोटा चित्रपटच लावावा असं तुझ्या मनात आहे, कारण त्याचा शेवट जरा दिलासा देणारा आहे.

गोष्ट वाच. जरूर वाच. चित्रपट मात्र नको, आणि वाचण्याआधी माझं थोडं ऐकून घे.

‘ऑल समर इन अ डे’ ही गोष्ट १९५४ सालची. मी काल रात्री पुन्हा वाचली. माणसांनी शुक्रावर वस्ती केली आहे आणि तिथे वर्षानुवर्षं पाऊस कोसळतोय. सात वर्षांतून एकदा, फक्त दोन तास, सूर्य दिसतो. वर्गातली मुलं नऊ वर्षांची. मागच्या वेळी ऊन पडलं तेव्हा ती दोन वर्षांची होती, त्यामुळे कुणाला काही म्हणता काही आठवत नाही. मार्गो तेवढी वेगळी. ती चार वर्षांची होईपर्यंत पृथ्वीवर राहिलेली. तिला सूर्य आठवतो. तो नाण्यासारखा असतो, चुलीतल्या विस्तवासारखा असतो, असं ती सांगते. मुलं म्हणतात, खोटं, तुला काहीएक आठवत नाही. ती सूर्यावर कविता करते, तर एक मुलगा म्हणतो ही तू केलेलीच नाहीस. आणि सूर्य निघायची वेळ अगदी जवळ आलेली असताना, बाई वर्गात नाहीत हे पाहून, मुलं तिला ओढत नेतात आणि एका कपाटवजा खोलीत कोंडून टाकतात. मग पाऊस थांबतो.

या पोरांना तिचं नेमकं काय डाचत होतं, यावर मी बराच विचार केला. ब्रॅडबरीने कारणं दिली आहेत: ती फिकुटलेली आहे, पकडापकडी खेळताना पळत नाही, न्हाणीघरात डोक्यावर पाणी पडू नये म्हणून किंचाळते, आणि तिचे आईवडील तिला पृथ्वीवर परत नेणार अशी कुणकुण आहे. ही सगळी कारणं खरी, पण मुळाशी जे आहे ते मला त्या कवितेच्या प्रसंगात दिसतं. एखाद्याची पेन्सिल आवडली तर हिसकावता येते. चेंडू पळवता येतो. आठवण कशी हिसकावणार? ती तर त्याच्या डोक्यात बसलेली. मग एकच उपाय उरतो, ती खोटी ठरवायची. ‘तू खोटारडी आहेस’ हे ती मुलं इतक्या जीव तोडून म्हणतात, ते तिचं खरं असेल या भीतीनेच. आणि ती कोंडली जाते तीही बरोबर त्या वेळी, जेव्हा तिचं म्हणणं खरं ठरणार असतं.

वर्गात कुणीतरी म्हणेलच, ‘पण सर, तीच मिसळत नव्हती ना!’ तेव्हा रागावू नकोस. त्यांना बोलू दे. आपणही हेच म्हणायचो. कुणाबद्दल ते मी खाली लिहितोच आहे.

त्याआधी एक. तुझी हुशार पोरं पहिल्या पानालाच हात वर करतील की शुक्रावर असा पाऊस पडतच नाही. त्यांचं बरोबर आहे. गोष्ट लिहिली गेली तेव्हा शुक्राच्या दाट ढगांखाली काय आहे हे कुणी पाहिलं नव्हतं. खाली दलदल आणि रानं असतील अशी कल्पना करायला वाव होता. १९६२ च्या डिसेंबरात मरिनर २ हे यान जवळून गेलं आणि खाली भट्टी पेटलेली आहे हे स्पष्ट झालं. पृष्ठभागाचं तापमान ४६० अंश सेल्सिअसच्या आसपास, हवेचा दाब आपल्या नव्वद पट. वर ढगांत पाऊस आहे, पण तो सल्फ्युरिक आम्लाचा, आणि जमिनीवर पोचण्याआधी अर्ध्या वाटेतच त्याची वाफ होते. मुलांना हे आधीच सांगून टाक, म्हणजे गोष्ट ऐकताना त्यांचं लक्ष मार्गोवर राहील.

आणि एक गोष्ट तुझ्या स्वतःसाठी सांगतो, मी ती वाचून थबकलो होतो. १ मार्च १९८२ रोजी व्हेनेरा १३ हे सोव्हिएत यान शुक्रावर उतरलं. ते अर्धा तास टिकेल एवढ्याच बेताने बांधलेलं. टिकलं १२७ मिनिटं. दोन तास आणि वर सात मिनिटं. तेवढ्यात त्याने नारिंगी उजेडातल्या चपट्या दगडांची रंगीत छायाचित्रं पाठवली. सूर्याचं बिंब मात्र तिथून दिसूच शकत नाही, ढग इतके दाट. खऱ्या शुक्रावर उभं राहून कुणालाही सूर्य दिसणार नाही. पलीकडे तो आहे हे फक्त बाहेरून आलेल्याला माहीत.

आता आपल्याविषयी.

सातवीत असताना आपल्या वर्गात मधेच आलेला तो मुलगा आठवतो? त्याचं नाव मी लिहीत नाही, तुला माहीत आहे. तिसऱ्या बाकावर भिंतीकडेला बसायचा. त्याचे हेल वेगळे होते, आणि तो सारखा समुद्राबद्दल बोलायचा. आपल्या सबंध वर्गात एकानेही समुद्र पाहिला नव्हता. तो सांगायचा की रात्री सगळं निजलं की समुद्र घरात ऐकू येतो. आपण हसायचो. एकदा तो म्हणाला, लाट परत जाताना पायाखालची वाळू काढून नेते, त्यामुळे आपण एका जागी उभे असलो तरी मागे मागे सरकतोय असं वाटतं. त्यावर तर वर्ग फुटला. ‘उभ्या उभ्या मागे सरकतो म्हणे!’ त्या दिवसापासून तो फळ्याजवळ गेला की कुणी ना कुणी जागच्या जागी मागे झुकून दाखवायचं. मीही दाखवलं आहे. बऱ्याचदा.

मग ती वही. चित्रकलेच्या वहीत त्याने दोन पानं जोडून समुद्र काढला होता, निळ्या शाईने, बोटाने पुसून पुसून. मधल्या सुट्टीत आपल्यातल्या दांडगटाने ती उचलली, बाकावर उघडी ठेवली आणि म्हणाला, याच्यात पाणी कुठाय? मग त्याने मागे हात केला. मागे न बघता, नुसता हात. आणि मी त्या हातात माझी पाण्याची बाटली दिली.

झाकण काढून दिली. हे तुला माहीत नसेल. मी कुणालाच कधी सांगितलेलं नाही. पाणी पडल्यावर शाई आधी फुगल्यासारखी झाली, मग कडेने फिकी निळी होत बाकाच्या खाचेतून टपटप खाली गळायला लागली. तो रडला नाही. हाताच्या कडेने पाणी वहीवरून लोटत राहिला, आणि त्याची बाही कोपरापर्यंत निळी झाली. आपण सगळे गोल करून उभे होतो. तू माझ्या डावीकडे होतास. तू हसत नव्हतास हे मला आठवतं, पण काही बोललाही नाहीस.

नोकरीला लागल्यावर पहिल्यांदा समुद्रावर गेलो. गुडघ्याच्या खालपर्यंत पाण्यात उभा राहिलो, लाट आली, परत जायला लागली, आणि टाचेखालची वाळू सुळकन निघून गेली. मी मागे सरकलो. सरकलो नव्हतो, पण सरकलो. तो म्हणाला होता तस्संच, शब्दन् शब्द. बरोबरचे लोक पाणी उडवत होते आणि माझ्या डोळ्यांसमोर ती निळी बाही होती. रात्री खोलीवर पडल्या पडल्या समुद्र ऐकू येत होता. मला झोप लागली नाही.

म्हणून ब्रॅडबरीच्या गोष्टीतला उन्हाचा भाग मला वाचवत नाही. मुलं आनंदाने वेडी झालेली असतात, कोट काढून ऊन अंगावर घेतात, डोळे दिपेपर्यंत आकाशाकडे बघतात. आणि प्रत्येक क्षणाला त्यांना कळत असतं की मार्गो खरं सांगत होती. फक्त ती कुठे आहे हे कुणाला आठवत नाही. मग एका मुलीच्या तळहातावर पावसाचा एक टपोरा थेंब पडतो आणि ती रडायला लागते. सगळी आत परततात, दार लागतं, पुन्हा तोच पावसाचा आवाज. तेव्हा कुणाला तरी मार्गो आठवते. मुलं एकमेकांकडे बघू शकत नाहीत. हळूहळू त्या खोलीपाशी जातात. आतून आवाज नाही. कडी काढतात आणि तिला बाहेर येऊ देतात. गोष्ट इथे संपते. मार्गो काय म्हणाली, तिचा चेहरा कसा होता, एक अक्षर नाही.

१९८२ च्या चित्रपटात यापुढे मुलं तिला उन्हात गोळा केलेली फुलं देतात. तुला दिलासा वाटला तो हाच. मला तिथे राग येतो. फुलं घेतली की मार्गोवर काहीतरी करायची जबाबदारी येते: माफ करायची, निदान हात पुढे करायची. दोन तास अंधारात काढून आलेल्या मुलीने आता यांचं मन हलकं करायचं? तुझ्या वर्गातल्या मुलांना त्या उघड्या दारापाशी तसंच थांबू दे. तू तिथे पुस्तक मिट आणि मिनिटभर काही बोलू नकोस.

आता सगळ्यात महत्त्वाचं. ही गोष्ट तुझ्या नव्या मुलीसाठी वाचू नकोस. तिला यातलं सगळं आधीच ठाऊक आहे. गोष्ट त्या उरलेल्यांसाठी आहे. वाचताना तू चुकूनही तिच्याकडे बघितलंस, तर अख्खा वर्ग तिकडे वळेल आणि तिला आणखी एक टोपणनाव मिळेल, मार्गो. तुला शक्य असेल तर आधी तिला बाजूला घेऊन सांग की अशी अशी गोष्ट वाचणार आहे, चालेल ना. नको म्हणाली तर वाचू नकोस, आणि कारण विचारू नकोस.

नंतर चर्चेत ‘कोंडणारी मुलं किती दुष्ट’ यावर वेळ घालवू नकोस. तिथे सगळे खुशीत हात वर करतील. त्यापेक्षा विचार, दार आतून धडधडत होतं तेव्हा ते किती जणांना ऐकू आलं असेल? फिनलंडमधल्या मानसशास्त्रज्ञ क्रिस्टिना साल्मिवाल्ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९६ साली बारा-तेरा वर्षांच्या मुलांमध्ये हेच तपासलं होतं. छळ करणारा एकटा नसतो. त्याला हात देणारे असतात, हसून चढवणारे असतात, बाजूला सरकणारे असतात, आणि आड येणारेही थोडे असतात. मी कुठल्या रांगेत होतो हे शोधायला मला वेळ लागला नाही. कॅनडात शाळेच्या मैदानावर कॅमेरे लावून केलेला एक अभ्यास २००१ साली छापून आला. त्यात दिसलं की एखादं मूल मधे पडलं तर निम्म्याहून अधिक वेळा छळ दहा सेकंदांच्या आत थांबतो. बाटलीचं झाकण काढायला मला साधारण तेवढाच वेळ लागला असेल.

आणि एक तुझ्याचसाठी, शिक्षक म्हणून. गोष्टीतल्या बाई परत येतात, घड्याळ बघतात आणि विचारतात, सगळे आहात ना? मुलं एका सुरात हो म्हणतात. बाई डोकी मोजत नाहीत. वाईट नाहीत त्या, घाईत आहेत, त्यांनाही सूर्य बघायचाय. तू रोज हजेरी घेतोस. मधल्या सुट्टीनंतरही एकदा नजर फिरवत जा, कोण कुठे बसलंय, कोण कुणापासून किती लांब बसलंय. आपल्या वेळी त्या सुट्टीनंतर गणिताचा तास होता आणि सरांनी थेट फळ्यावर उदाहरण घातलं.

पत्र लांबलं. तुझ्या वर्गात काय झालं ते सविस्तर कळव, आणि त्या मुलीने काही विचारलं तर तेही.

शेवटी एक विचारायचं आहे. इतकी वर्षं आपण भेटतोय आणि मी हे टाळत आलो. त्या दिवशी शेवटच्या तासाला मी पाहिलं, तर ती वही खिडकीच्या कठड्यावर उघडी ठेवलेली होती. उन्हात. पानं एकमेकांना चिकटू नयेत म्हणून मधे कुणीतरी पट्टी खोचली होती, लाकडी, एका टोकाला कुरतडलेली. तुझी पट्टी तशी होती. तो तू होतास का रे?

तुझा,
बाकावरचा सोबती