टोलेडोच्या अर्ध्या दिवसाच्या सहलीबाबत तक्रार आणि परताव्याची मागणी

प्रति,
मा. व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग

विषय: स्पेनमध्ये माद्रिदहून टोलेडोला नेलेल्या ऐच्छिक सहलीत छापील कार्यक्रमातील एकही वास्तू आतून न दाखविल्याबाबत.

महोदय,

आपल्या ग्राहक सेवा कक्षातील अधिकाऱ्याशी आज दुपारी झालेले बोलणे संपताच मी हे पत्र लिहायला घेतले आहे, कारण यापुढे तोंडी बोलून काही निष्पन्न होणार नाही याची आता माझी खात्री झाली आहे. आपण टोलेडोची सहल कशी विकता हे आपल्याला मी सांगण्याची गरज नाही. आपल्या माहितीपुस्तिकेत टोलेडोचे कॅथेड्रल (तिथले मुख्य चर्च), सांतो तोमे चर्चमधील चित्रकार एल ग्रेकोचे चित्र आणि जुन्या ज्यू वस्तीतील सिनेगॉग (ज्यूंचे प्रार्थनास्थळ) ही तीन नावे आहेत आणि त्यांच्यापुढे ‘प्रवेश तिकिटासह’ असे स्वच्छ छापलेले आहे. मुख्य सहलीच्या रकमेव्यतिरिक्त यासाठी आपण माणशी 85 युरो घेतले. मी आणि माझी थोरली बहीण अशा दोघींचे मिळून 170 युरो भरले. त्या बदल्यात या तीनपैकी एकाही वास्तूचा उंबरठा आम्हाला ओलांडता आला नाही.

छापील कार्यक्रमात ही सहल रविवारी दुपारची होती. आदल्या रात्री जेवणानंतर टूर मॅनेजरने व्हॉट्सअॅपच्या गटावर निरोप टाकला की टोलेडोला सकाळी निघायचे आहे, कारण दुपारी फुटबॉलचे स्टेडियम पाहणाऱ्यांसाठी बस लागणार आहे. स्टेडियमची सहलही ऐच्छिक होती आणि तिचे पैसे वेगळे होते. ती कोणी घ्यावी, कोणी घेऊ नये, हा माझा प्रश्न नाही. एक सहल नीट बसावी म्हणून दुसरीचा बळी देताना, दुसरीचे पैसे भरलेल्या माणसांना एका शब्दाने विचारले गेले नाही, ही माझी तक्रार आहे. टोलेडोच्या कॅथेड्रलमध्ये रविवारी सकाळी प्रार्थना असतात आणि पर्यटकांना दुपारनंतरच प्रवेश मिळतो. म्हणजे छापलेला कार्यक्रम बरोबर होता, तो आखणाऱ्याला हे माहीत होते, आणि बसच्या सोयीसाठी तो उलटा फिरवणाऱ्यालाही हे माहीत असायलाच हवे होते.

माद्रिदपासून टोलेडो सुमारे 70 किलोमीटर आहे आणि रस्ता उत्तम आहे. बस आम्हाला प्रथम ताहो नदीपलीकडच्या टेकडीवर घेऊन गेली. तिथून नदीने तीन बाजूंनी वेढलेले ते शहर, त्याच्या मधोमध कॅथेड्रलचा मनोरा आणि एका टोकाला अल्काझारचा किल्ला असे सगळे एका नजरेत दिसते. ते दृश्य सुंदर आहे यात शंका नाही. आमचे फोटो तिथेच काढले गेले आणि त्या फोटोंचा पुढे काय उपयोग केला गेला ते मी खाली सांगणार आहे.

टेकडीवरून आम्हाला शहरात नेण्याऐवजी शहराबाहेरच्या एका मोठ्या दुकानात नेण्यात आले. पोलादावर सोन्याची तार ठोकून नक्षी करण्याचे काम टोलेडोत फार जुने आहे आणि टोलेडोच्या तलवारी शतकानुशतके प्रसिद्ध आहेत, त्यामुळे कारागिराचे काम काही वेळ पाहण्यास माझी हरकत नव्हती. कारागिराने काही मिनिटे हातोडी चालवली आणि नंतर जवळजवळ तासभर आम्ही काउंटरांमध्ये फिरत होतो. मी टूर मॅनेजरला दोनदा घड्याळ दाखवले. पुस्तिकेत या दुकानाचा उल्लेख कुठेही नाही. अर्ध्या दिवसाच्या सहलीत तासभर वेळ म्हणजे किती मोठा हिस्सा, हे आपल्याला कळत नसेल असे मी मानत नाही.

शहरात पोहोचल्यावर आपण नेमलेल्या स्थानिक मार्गदर्शक बाई आम्हाला भेटल्या. त्यांच्याविषयी माझी काडीचीही तक्रार नाही. कॅथेड्रलच्या बंद दरवाजासमोर उभे राहून त्यांनी सांगितले की 1226 मध्ये सुरू झालेले हे बांधकाम 1493 मध्ये पूर्ण झाले आणि पूर्वी याच जागी शहराची मोठी मशीद होती. वेदीच्या मागे अठराव्या शतकातली एक संगमरवरी रचना आहे, तिच्यावर उजेड पडावा म्हणून छताला भोक पाडलेले आहे आणि वस्त्रागारात एल ग्रेकोचे आणखी एक मोठे चित्र आहे, असेही त्यांनी सांगितले. मग आम्ही आत कधी जाणार, असे मी विचारले. त्या ओशाळल्या. दीड तासाची बाहेरून फेरी एवढेच काम आपल्या कंपनीने त्यांना दिले होते आणि प्रवेशाची तिकिटे मागवलेलीच नव्हती, हे त्यांनी मला सरळ सांगितले. मी टूर मॅनेजरकडे पाहिले. त्याने नजर फिरवली आणि इतरांना रांगेत येण्यास सांगितले.

येथे सर्वांत गंभीर मुद्दा येतो आणि तो मी पुन्हा लिहिते, कारण फोनवर तो प्रत्येक वेळी गिळला गेला. कॅथेड्रल त्या सकाळी बंद होते, हे एकवेळ वेळापत्रकाची चूक म्हणून सोडून देता येईल. परंतु सांतो तोमेचे चर्च उघडे होते. ज्यू वस्तीतले सिनेगॉग उघडे होते. त्यांच्या दारांवरून आम्ही चालत गेलो. तिकिटे नव्हती म्हणून आम्ही आत गेलो नाही, आणि तिकिटे नव्हती कारण ती काढलीच नव्हती, आणि पैसे मात्र तिकिटांसह घेतले होते. स्वतःच्या खिशातून तिकीट काढून आत जाते, असे मी सांगितले तेव्हा बस सुटेल असे उत्तर मिळाले.

सांतो तोमेमधले ‘काउंट ऑफ ओर्गाझचा दफनविधी’ हे चित्र एल ग्रेकोने 1586 ते 1588 या काळात त्याच चर्चसाठी काढले. जवळजवळ पावणेपाच मीटर उंचीचे ते चित्र आजही तिथेच आहे आणि ज्याच्या दफनाचा प्रसंग रंगवला आहे त्या माणसाचे थडगे त्याच्या खालीच आहे. माद्रिदच्या संग्रहालयात आपण आम्हाला एल ग्रेकोची इतर चित्रे दाखवली, पण हे चित्र जगात दुसऱ्या कोणत्याही भिंतीवर पाहायला मिळत नाही. ते पाहण्यासाठी त्या दरवाजातूनच आत जावे लागते. माझ्या बहिणीने आयुष्यभर शाळेत चित्रकला शिकवली आणि या एका चित्रासाठी तिने ही सहल निवडली. ती त्या भिंतीच्या बाहेर उभी होती, आणि आपला टूर मॅनेजर मार्झिपॅन या बदामाच्या मिठाईचे दुकान पुढच्या वळणावर आहे असे सांगत होता.

माझेही टोलेडोला जाण्याचे कारण होते आणि ते मी आरक्षणाच्या वेळी आपल्या कार्यालयात बोलून दाखवले होते. मी गणिताची शिक्षिका होते. बाराव्या शतकात याच शहरात बसून इटलीतल्या क्रेमोनाच्या जेरार्डने बगदादचा गणिती अल-ख्वारिझ्मी याचे बीजगणित आणि प्राचीन खगोलशास्त्रज्ञ टॉलेमी याचा खगोलग्रंथ अरबीतून लॅटिनमध्ये आणले. त्याच्याही आधी, 1068 मध्ये, टोलेडोचे काझी साइद अल-अंदलुसी यांनी ज्ञानाची जोपासना करणाऱ्या राष्ट्रांविषयी लिहिताना पहिले स्थान भारताला दिले आणि भारतीय अंकपद्धतीची वाखाणणी केली. मुसलमान, ज्यू आणि ख्रिस्ती विद्वान ज्या गावात एकमेकांचे ग्रंथ वाचत होते, त्या गावातले एक जुने सिनेगॉग आतून पाहावे, तिथल्या भिंतीवरच्या हिब्रू ओळी पाहाव्यात, एवढी माझी इच्छा होती. शून्य आपल्याकडून जगाला गेले असे मुलांना सांगताना ते कोणत्या वाटेने गेले हेही मी सांगत असे, आणि टोलेडो त्या वाटेवरचे गाव आहे. आरक्षणाच्या वेळी काउंटरवरच्या मुलीने मान डोलावून सांगितले होते, “मॅडम, मग तुम्हाला ही सहल फारच आवडेल.”

आता आजच्या फोनविषयी. आपल्या अधिकाऱ्याने प्रथम सांगितले, “मॅडम, कॅथेड्रल दाखवलेलं आहे, आमच्याकडे रिपोर्ट आहे.” मी म्हटले, बंद दार दाखवले. त्यावर ते म्हणाले, “आतून सगळी चर्च सारखीच असतात. तुम्ही बार्सिलोनामध्ये बघितलंच ना?” मी त्यांना शांतपणे सांगितले की बार्सिलोनातल्या साग्रादा फामिलिया या चर्चचे काम 1882 मध्ये सुरू झाले आणि टोलेडोचे कॅथेड्रल त्याच्या कित्येक शतके आधी पूर्ण झालेले आहे. ते एक क्षण गप्प राहिले आणि मग जे बोलले ते मी शब्दशः लिहून ठेवले आहे: “मॅडम, खरं सांगू का, आपल्या लोकांना इतिहासात एवढा इंटरेस्ट नसतो. फोटो, शॉपिंग आणि वेळेवर जेवण मिळालं की सगळे खूश असतात. ग्रुपमधल्या दुसऱ्या कुणाची तक्रार नाही. तुमचाही टेकडीवरचा फोटो आहे आमच्याकडे. त्यात तुम्ही हसताय.”

मी हसते आहे! टेकडीवर, सहल सुरू होताना, पुढे दिवसभरात काय होणार आहे हे ठाऊक नसताना एक बाई फोटोत हसली, आणि तो फोटो तिच्याच विरुद्ध पुरावा म्हणून वापरला जातो. मी विचारले की आमच्या लोकांना कशात रस आहे हे आपण कधी आणि कुणाला विचारून ठरवले. त्यावर उत्तर आले की अभिप्रायाच्या फॉर्मवर मी ‘उत्तम’ असे लिहिले आहे. तो फॉर्म टूर मॅनेजरने लिस्बनच्या हॉटेलात भरून घेतला होता, आणि लिस्बन टोलेडोच्या आधी होते. हे सांगितल्यावर त्यांनी विषय बदलला आणि म्हणाले, “आणि मॅडम, तुमच्या वयाच्या मंडळींना एवढं चढणं-उतरणं झेपलं नसतं. तुमच्या सोयीसाठीच कार्यक्रम थोडा हलका केला होता.”

माझ्या बहिणीचे गुडघे दुखतात हे आम्ही आरक्षणाच्या अर्जात लिहिले होते आणि आपण ते वाचून पैसे घेतले होते. टोलेडोत पायथ्यापासून वर जाण्यासाठी सरकते जिने आहेत आणि त्याच जिन्यांनी आम्ही वर गेलो. त्यानंतर दगडी गल्ल्यांतून ती काठी टेकत पूर्ण फेरी चालली, एकदाही थांबा म्हणाली नाही. सांतो तोमेमधले चित्र दारातून आत गेल्यावर लगेचच आहे, त्याला चढ नाही आणि उतारही नाही. ज्या बाईला गल्ल्या चालवल्या, तिला शेवटची थोडी पावले झेपणार नाहीत असे ठरवून दार नाकारायचे आणि वर त्याला तिचीच सोय म्हणायचे, हे ऐकून माझा आवाज चढला हे मी नाकारत नाही. अखेरीस मला पुढच्या सहलीवर सवलतीचे कूपन देऊ करण्यात आले. मी ते स्वीकारलेले नाही आणि स्वीकारणार नाही.

मला याचे दुःख अधिक आहे की ही कंपनी मराठी माणसांची आहे. परक्या देशात कुणी आपल्या भाषेत समजावून सांगेल, म्हणून आमच्यासारखी निवृत्त माणसे थोडे जास्त पैसे देऊन आपल्याबरोबर येतात. आमच्या गटात एक निवृत्त ग्रंथपाल होते, इतिहासाच्या एक प्राध्यापिका होत्या, आणि वहीत टिपणे काढणारा एक शाळकरी मुलगाही होता. आमच्या जिज्ञासेची किंमत आपण आमच्याकडून युरोत वसूल केली आणि तीच जिज्ञासा आम्हाला नाही असे आपण फोनवर सांगता. ही फसवणूक आहे आणि अपमानही आहे, आणि दोन्हींसाठी मी आपल्यालाच जबाबदार धरते, त्या टूर मॅनेजरला किंवा फोनवरच्या त्या तरुणाला नाही. त्यांना हे बोलायला कुणीतरी शिकवले आहे.

माझ्या मागण्या अशा आहेत. दोघींचे 170 युरो पूर्ण परत करावेत. त्या सकाळच्या गटासाठी आपण प्रवेशाची तिकिटे काढली होती का, याचे लेखी उत्तर द्यावे, आणि काढली असल्यास त्यांच्या पावत्या दाखवाव्यात. त्याच सहलीचे पैसे भरलेल्या इतर प्रवाशांनाही त्यांची रक्कम न मागता परत करावी, कारण तक्रार न करणे म्हणजे समाधान नव्हे. रविवारी सकाळी टोलेडोला नेणार असाल तर पुस्तिकेतून कॅथेड्रलचे नाव काढावे, आणि दुकानात तासभर थांबवणार असाल तर तसे छापावे. माझ्या बहिणीची आपण लेखी माफी मागावी.

पंधरा दिवसांत हे न झाल्यास ग्राहक संरक्षण कायदा, 2019 अन्वये सेवेतील त्रुटी आणि दिशाभूल करणारी जाहिरात या दोन्ही कारणांसाठी मी माझ्या जिल्ह्यातील ग्राहक आयोगाकडे तक्रार दाखल करीन. तक्रारदार जिथे राहतो तिथेच ती दाखल करता येते, त्यामुळे त्यासाठी मला आपल्या मुख्यालयाच्या शहरात खेटे घालावे लागणार नाहीत. माहितीपुस्तिकेचे पान, ऐच्छिक सहलीची पावती, वेळ बदलल्याचा व्हॉट्सअॅपवरील निरोप आणि लिस्बनच्या तारखेच्या अभिप्राय फॉर्मची प्रत सोबत जोडली आहे. टेकडीवरचा फोटो आपल्याकडे आहेच, तोही आयोगासमोर जरूर ठेवावा.

या पत्राचे उत्तर लेखी पाठवावे. मी फोन घेणार नाही.

आपली ग्राहक
(नाव, पत्ता व आरक्षण क्रमांक सोबतच्या पावतीवर आहे)