मूकपट पळवू नका

महोदय,

सुरुवातीच्या काळातले प्रेमाचे विनोदी लघुपट आज दाखवले जातात, तेव्हा पात्रे बहुधा चावीच्या बाहुल्यांसारखी तुरुतुरु पळतात. प्रेक्षक हसतात ते त्या पळण्याला. मूळ गंमत निसटूनच जाते.

त्या काळी कॅमेऱ्याचे हँडल हाताने फिरवत. एका फेऱ्याला 8 फ्रेम, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे साधारण 16 फ्रेम (फिल्मवरची सुटी चित्रे). बोलपटांबरोबर सेकंदाला 24 फ्रेम हा वेग कायम झाला, आणि 16ने टिपलेले त्या वेगाने दाखवले की पात्रे पळू लागतात. हजार फुटांच्या रिळात 16 हजार फ्रेम असतात. ते 16च्या वेगाने 16 मिनिटे 40 सेकंद चालते, 24ने जेमतेम 11 मिनिटे. हा तोटा सोसतात ते कटाक्ष, संकोच आणि उत्तर देण्याआधीचे थबकणे.

अमेरिकी दिग्दर्शक एडविन पोर्टर यांचा 1903चा ‘द गे शू क्लार्क’ पाहा. दुकानातला तरुण विक्रेता गिऱ्हाईक मुलीच्या बुटाची नाडी बांधतो आहे. पडद्यावर फक्त तिचे पाऊल आणि त्याचे हात. झग्याची कड हळूहळू वर सरकते आणि त्याच्या बोटांची त्रेधा उडते. पुढे चुंबन, मग सोबतच्या बाईंच्या छत्रीचा मार. छत्री कोणत्याही वेगात हसवेल, पण ती कड सावकाशच सरकायला हवी.

डिजिटल प्रत असेल तर ती आधी एकेक फ्रेम पुढे सरकवून बघावी. ठरावीक अंतराने तीच फ्रेम पुन्हा येत असेल तर वेग बहुधा आधीच सुधारलेला आहे. आणखी कमी केल्यास सारे रेंगाळेल. फ्रेम पुन्हा येत नसतील आणि फाइल 24ची असेल, तर प्लेअरमध्ये वेग 0.67 केल्यास 16 मिळतात, 0.75 केल्यास 18. नेमका आकडा डोळ्यांनीच ठरवावा लागतो. चालणे बघा, हातातून सुटलेली टोपी बघा. पडण्यात अभिनय नसतो. हँडल फिरवणारा हात एकसारखा चालत नसे, त्यामुळे दोन प्रसंगांना दोन वेगही लागू शकतात.

कीस्टोन या अमेरिकी विनोदपट कंपनीचे पाठलाग मात्र संथ करू नयेत. तिथे पडद्यावर सारे वेगाने घडून धांदल दिसावी म्हणून चित्रण करताना हँडल मुद्दाम हळू फिरवत. उलट व्हायटाग्राफ या दुसऱ्या अमेरिकी कंपनीच्या जॉन बनी आणि फ्लोरा फिंच यांच्या नवरा-बायकोच्या भांडणांत सारा जीव चेहऱ्यावर असतो.

आयोजकांनी वेग आधी ठरवावा, संगीत त्यानंतर बसवावे आणि निवडलेला वेग कार्यक्रमपत्रिकेत छापावा, ही कळकळीची विनंती.

– मूकपटांचा एक अभ्यासक