माउटहाउझेनला जाशील तेव्हा

प्रिय बाळा,

लिंझला जाणार आहेस तर माउटहाउझेनचा नाझींचा छळछावणी कॅम्पही बघणार म्हणालास, जरूर बघ. गाइडला स्पॅनिश लोकांबद्दल मात्र मुद्दाम विचार, ते बऱ्याचदा राहून जातात.

१९३९ च्या सुरुवातीला स्पेनच्या यादवी युद्धात हुकूमशहा फ्रँको जिंकत आला तशी जवळपास ५ लाख माणसं भर थंडीत, पोराबाळांसकट, पिरेनीजचे डोंगर ओलांडून फ्रान्समध्ये आली. आणि फ्रान्सने काय केलं, तर आर्जेलेसच्या समुद्रकिनाऱ्यावर काटेरी तारा ठोकल्या आणि सांगितलं राहा इथेच. सुरुवातीला डोक्यावर छप्परसुद्धा नाही, लोक वाळूत खड्डे करून झोपायचे. आणि हा लोकशाही देश बरं का!

पुढच्या वर्षी जर्मन आले. फ्रेंचांच्या कामगार तुकड्यांतले स्पॅनिश पकडले गेले, फ्रँकोच्या सरकारने हात झटकले, मग बिनदेशाचे म्हणून कपड्यांवर निळा त्रिकोण. माउटहाउझेनला असे ७,००० च्या वर गेले, निम्म्याहून जास्त तिथेच संपले. खाणीच्या त्या १८६ पायऱ्या तू बघशीलच, पाठीवर दगड घेऊन चढायचे.

पण मला झोप लागू देत नाही ती फ्रान्समधल्या अँगुलेमहून सुटलेली रेल्वेगाडी. ऑगस्ट १९४०, ९२७ माणसं, सगळी कुटुंबंच्या कुटुंबं, चार दिवसांनी माउटहाउझेनला थांबली तर फक्त पुरुष आणि १३ वर्षांवरचे मुलगे खाली उतरवले. आया आणि लहान पोरं गाडीतच, आणि ती गाडी परत फिरवून थेट स्पेनला, फ्रँकोच्या हातात. तेराव्या वर्षी तू कसा होतास ते आठवलं की पुढे विचारच करवत नाही रे.

आणि ऐक, फ्रान्सिस्को बोइश नावाचा कैदी कॅम्पच्या फोटो लॅबमध्ये होता, त्याने आणि साथीदारांनी कॅम्प चालवणाऱ्या एसएसच्या, म्हणजे हिटलरच्या खास सैनिकांच्या, फोटोंच्या निगेटिव्ह लपवल्या, त्या बाहेर कोणी काढल्या माहितीय? गावातल्या खाणीवर कामाला जाणाऱ्या स्पॅनिश पोरांनी! आना पॉइंटनर नावाच्या बाईने त्या घरामागच्या भिंतीत दडवल्या. १९४६ ला न्यूरेंबर्गमध्ये नाझींवरच्या खटल्यात बोइशने साक्ष दिली तेव्हा हेच फोटो कोर्टापुढे.

५ मे १९४५ ला कॅम्प सुटला, बाकीचे आपापल्या देशी गेले, हे कुठे जाणार, फ्रँको १९७५ पर्यंत होता. स्पेनने मेलेल्या ४,४२७ जणांची नावं सरकारी गॅझेटमध्ये छापली ती थेट २०१९ ला, वर नातेवाइकांनी काही चूक असेल तर कळवा म्हणून मुदत दिली. त्या गाडीतल्या किती आया तोवर उरल्या असतील, तूच सांग.

तुझी
आई