सेट मोडायचा कसा, हे तो उभारण्याआधी ठरावे

प्रति,
माननीय संपादक महोदय,

सप्रेम नमस्कार.

आपल्या चित्रपटविषयक पुरवणीत येणाऱ्या निर्मितीच्या कथा मी नेमाने वाचतो. सेट किती उंच होता, तो उभारायला किती सुतार आणि रंगारी राबले, कोणत्या दुर्गम ठिकाणी चित्रीकरण झाले, हे सगळे त्यात तपशिलाने येते आणि ते यावेच, कारण पडद्यामागच्या या माणसांचे श्रम एरवी कोणाच्या लक्षात येत नाहीत. पण पॅकअपनंतर त्या सेटचे पुढे काय झाले, हे मी आजवर कधी वाचलेले नाही. कला विभागात साहाय्यक म्हणून उमेदीची बहुतेक वर्षे घालवल्यामुळे त्याचे उत्तर मला ठाऊक आहे, आणि ते सांगितल्याशिवाय राहवत नाही म्हणून हे पत्र लिहीत आहे.

एका चित्रपटासाठी आम्ही स्टुडिओत दुमजली घर उभारले होते. भिंती म्हणजे लाकडी चौकटींवर ठोकलेले प्लायवूडचे फ्लॅट, त्यांवर प्लास्टर ऑफ पॅरिसचा थर, आणि खांबांवरची नक्षी थर्माकोलमध्ये कोरून तिच्यावर रंगाचे तीन हात दिलेले. शेवटचा टेक ओके झाला तो रात्री उशिरा. दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत फ्लोअर, म्हणजे स्टुडिओतली चित्रीकरणाची भाड्याची जागा, रिकामा करून द्यायचा होता, कारण त्यापुढचे भाडे निर्मितीच्या अंदाजपत्रकात धरलेलेच नव्हते. सगळे सांधे खिळे आणि गोंद वापरून पक्के केलेले असल्याने ते उकलत बसायला सवड नव्हती; पहारी आणि घण आले. ज्या सुताराने जिन्याचा कठडा सहा दिवस घासून गुळगुळीत केला होता, त्यालाच तो अर्ध्या तासात फोडावा लागला. तो काही बोलला नाही. कठड्याचा वीतभर तुकडा तेवढा पिशवीत टाकून घेऊन गेला. उरलेल्या मालात लाकडाला प्लास्टर, प्लास्टरला थर्माकोल आणि सगळ्यांत खिळे अशी गत झाली होती. भंगारवाल्याने तो हात लावून पाहिला आणि नको म्हणाला. मग ट्रक भरले आणि ते थेट कचरा डेपोवर रिकामे झाले.

मी त्या निर्मात्याला दोष देत नाही. फ्लोअरचे भाडे दिवसावर असते, मजुरी दिवसावर असते, सुटे केलेले सामान ठेवायला गोदाम लागते आणि त्याचेही भाडे असते. या सगळ्यापुढे फोडणे स्वस्त पडते, असे कोणताही हिशेबनीस सांगेल. माझे म्हणणे वेगळे आहे. तो सेट वाया घालवण्याचा निर्णय मोडण्याच्या रात्री झालाच नव्हता. पहिल्या फ्लॅटला स्क्रूऐवजी खिळा मारला गेला, त्याच क्षणी तो होऊन गेला होता. फ्लॅट ठरावीक मापाचे असते, सांधे नट-बोल्टचे असते, प्लास्टर थेट लाकडावर न थापता मध्ये कापड किंवा कागद ताणून त्यावर दिले असते, तर तेच घर एका दिवसात उलगडले गेले असते आणि त्यातली निम्म्याहून अधिक सामग्री पुढच्या कामाला लागली असती. मात्र त्यासाठी मोडणीचे दिवस, माणसे आणि सामान घेणाऱ्याचे नाव ही माहिती आराखडा मंजूर होतानाच कागदावर असावी लागते. शेवटच्या रात्री फोन फिरवून सामान घ्यायला कोणी मिळत नाही.

हे माझ्या मनातले स्वप्न नाही. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजेलिस येथील संशोधकांनी २००६ साली चित्रपट उद्योगाच्या पर्यावरणीय परिणामांवर एक सविस्तर अहवाल प्रसिद्ध केला. ‘मॅट्रिक्स’ मालिकेतील २००३ साली प्रदर्शित झालेल्या दोन भागांचे सेट मोडताना ९७ टक्क्यांहून अधिक सामग्री पुन्हा वापरात आणली गेली आणि त्यातले लाकूड मेक्सिकोतील गरीब कुटुंबांच्या घरांसाठी गेले, अशी नोंद त्यात आहे. एवढ्या अवाढव्य सेटचे जर हे होऊ शकते, तर आमच्या दुमजली घराचे का होऊ नये, हा प्रश्न मला तेव्हापासून सतावतो. हॉलिवूडमध्ये सेटसाठी सर्रास वापरल्या जाणाऱ्या पातळ, हलक्या प्लायवूडचा मोठा भाग आग्नेय आशियातील वर्षावनांच्या लाकडापासून बनतो, आणि अशा झाडाला वाढायला कित्येक दशके लागतात. ते झाड तीन आठवड्यांच्या चित्रीकरणासाठी भिंत म्हणून उभे राहते. थर्माकोलचे मणी होऊन ते मातीत आणि पाण्यात पसरते, कुजत मात्र नाही. प्लास्टर ऑफ पॅरिस म्हणजे अखेर जिप्सम. कचऱ्याच्या ढिगाखाली ओल असली आणि हवा नसली, की जिप्सममधून हायड्रोजन सल्फाइड हा दुर्गंधीयुक्त, विषारी वायू तयार होतो. आम्ही ट्रक रिकामा करून परत फिरतो, त्यानंतर तिथे हे सगळे वर्षानुवर्षे चालू राहते आणि त्याचा त्रास भोगणारी माणसे कोणत्याच श्रेयनामावलीत नसतात.

सेटविषयी मी एवढे लिहिले, कारण तो माझ्या हाताखालून गेलेला आहे. पण हवेत जाणाऱ्या कर्बाच्या हिशेबात सर्वांत मोठा वाटा इंधनाचा असतो, हेही सांगितले पाहिजे. हॉलिवूडमधील प्रमुख स्टुडिओंच्या ‘सस्टेनेबल प्रॉडक्शन अलायन्स’ या गटाने २०२१ साली आपल्या निर्मितींची सरासरी जाहीर केली. त्यानुसार सर्वाधिक खर्चाच्या चित्रपटामागे सुमारे ३,३७० टन आणि लहान चित्रपटामागे सुमारे ३९१ टन कार्बन डायऑक्साइडइतके उत्सर्जन होते, आणि त्यातला जवळपास निम्मा भाग वाहने व जनरेटर यांत जळणाऱ्या इंधनाचा असतो. सर्वाधिक खर्चाच्या चित्रपटांत विमानप्रवास त्याखालोखाल येतो. एक लिटर डिझेल जळले की सुमारे २.७ किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. दिवसाला दोनशे लिटर डिझेल पिणारा एक जनरेटर धरला, तर रोज अर्ध्या टनाहून अधिक झाले.

आता हा जनरेटर चालतो कसा, ते पाहा. त्याची क्षमता सर्वांत मोठ्या दृश्याला लागणाऱ्या विजेवरून ठरते, आणि ते दृश्य अनेकदा एकाच रात्रीचे असते. बाकीचे दिवस त्यातली थोडीशीच वीज लागते. एकदा पहाटे शेवटचा शॉट झाल्यावर मी जनरेटरवाल्याजवळ उभा होतो. दिवे उतरवून झाले होते, कलाकार निघून गेले होते आणि पॅनेलवरचा काटा जेमतेम हलत होता. एका रिकाम्या व्हॅनिटी व्हॅनचा एसी आणि वॉकीटॉकीचे चार्जर एवढाच भार उरला होता, आणि त्यासाठी ते धूड पूर्ण वेगाने धडधडत होते. बंद करा असे सांगण्याचा अधिकार कोणाकडे आहे, हे त्यालाही माहीत नव्हते आणि मलाही. इतक्या कमी भारावर डिझेल इंजिन चालवले, की इंधन नीट जळत नाही, न जळलेला अंश धुराड्यात साचतो आणि इंजिनही खराब होते. म्हणजे निर्मात्याचे, यंत्राचे आणि हवेचे नुकसान एकाच वेळी.

एलईडी दिव्यांविषयी हल्ली बरेच बोलले जाते आणि ते रास्तच आहे. जुना टंगस्टनचा दिवा घेतलेल्या विजेचा मोठा भाग, सुमारे नव्वद टक्के, उष्णतेत घालवतो; मग ती उष्णता हटवायला फ्लोअरवर आणखी एसी लावावा लागतो. एलईडीने हे दुहेरी ओझे उतरते. परंतु दिवे बदलले आणि जनरेटर पूर्वीच्याच मापाचा मागवला, तर तो आणखी कमी भारावर चालू लागतो आणि बदलाचा अर्धा लाभ तिथेच गळून जातो. म्हणून प्रकाशयोजनेचा तक्ता तयार झाला, की विजेची गरज दिवसागणिक मोजून त्याप्रमाणे लहान जनरेटर, बॅटरी संच किंवा जिथे शक्य असेल तिथे थेट विद्युत जोडणी ठरवायला हवी. हे काम छायालेखक, मुख्य लाइटमन आणि निर्मिती व्यवस्थापक यांनी एकत्र बसून करायचे आहे. पाण्याच्या प्लास्टिक बाटल्या बंद करणे चांगलेच आहे, मी त्याचा आग्रहही धरला आहे; तरी सगळा उत्साह तेवढ्यावरच खर्ची पडू नये.

बाह्यचित्रीकरणाचे एक उदाहरण मला विसरता येत नाही. थायलंडमधील माया बे या किनाऱ्यावर १९९९ साली एका हॉलिवूडपटाच्या चित्रीकरणासाठी वाळूचे उंचवटे सपाट केले गेले, मूळची झाडेझुडपे काढून नारळाची झाडे लावली गेली, आणि त्यावरून दीर्घकाळ न्यायालयीन लढा चालला. चित्रपट गाजल्यावर पर्यटकांची रीघ लागली. प्रवाळांची इतकी हानी झाली, की जून २०१८ मध्ये तो किनारा बंद करावा लागला आणि जानेवारी २०२२ मध्ये कडक निर्बंधांसह तो पुन्हा उघडला. रेकीला, म्हणजे चित्रीकरणाची जागा आधी पाहायला, जाणाऱ्या प्रत्येक पथकासोबत त्या जागेची जाण असलेला एक निसर्ग-अभ्यासक असावा, आणि त्याने नको म्हटलेली जागा सोडून द्यावी, असे मला मनापासून वाटते.

यावर निर्मात्यांना नुसते आवाहन करून काही होईल, अशी आशा मी ठेवत नाही. ज्याच्या हातात पैसा आहे त्याने विचारले, की उत्तर तयार होते. बीबीसीमध्ये सुरू झालेली आणि २०११ पासून बाफ्टा या ब्रिटनमधील चित्रपट व दूरचित्रवाणी क्षेत्रातील संस्थेकडे असलेली ‘अल्बर्ट’ ही कर्बमोजणीची पद्धत बराच काळ ऐच्छिक होती. २०२२ पासून बीबीसीने आपल्या सर्व नव्या कार्यक्रमांना तिचे प्रमाणपत्र बंधनकारक केले. फ्रान्समधील सीएनसी ही चित्रपटांना निधी देणारी सरकारी संस्था साहाय्य मागणाऱ्या निर्मात्यांकडून कर्बाचा हिशेब मागते. जर्मनीत २०२३ पासून निधीबरोबर पर्यावरणीय निकष जोडले गेले आहेत. ऑस्ट्रियाने तर २०२३ साली चित्रीकरणाच्या खर्चावर मिळणाऱ्या ३० टक्के परताव्यावर हरित निकष पाळणाऱ्यांना आणखी ५ टक्के देऊ केले, आणि मला ही रीत विशेष पटते, कारण सेट उलगडायला लागणारा जादा दिवस अशा रकमेतून निघू शकतो. उलट, जेवढा धूर काढला तेवढी झाडे लावू, हे आश्वासन निधी देणाऱ्यांनी हिशेबात धरू नये. आज जळलेल्या डिझेलचा कर्ब आजच हवेत जातो, आणि रोपट्याला तो शोषायला अनेक वर्षे जगावे लागते.

लहान निर्मात्यांना हे परवडणार नाही, अशी एक प्रामाणिक हरकत मी अनेकदा ऐकली आहे. मोजणीपुरते बोलायचे, तर अमेरिकेतील निर्मात्यांच्या संघटनेच्या पुढाकाराने तयार झालेल्या ‘ग्रीन प्रॉडक्शन गाइड’ची साधने विनामूल्य आहेत. त्याहून सोपा उपाय घरातच आहे. रोजच्या निर्मिती अहवालात किती शॉट झाले, किती माणसे हजर होती, किती वाजता पॅकअप झाले, हे आपण वर्षानुवर्षे लिहीत आलो आहोत. त्याच कागदावर आणखी एक रकाना आखावा आणि त्यात त्या दिवशी जळलेले डिझेल लिटरमध्ये लिहावे. जनरेटर बंद करण्याचा अधिकार कोणाचा, त्याचे नाव त्याच्या शेजारी असावे. शेवटच्या दिवसाच्या अहवालात सेटमधून किती फ्लॅट शाबूत निघाले आणि ते कोणाच्या ताब्यात दिले, याची नोंद असावी.

आपल्या वार्ताहरांनी पुढच्या वेळी एखाद्या भव्य सेटवर जाऊन कलादिग्दर्शकाची मुलाखत घ्यावी, तेव्हा हा सेट मोडायला किती दिवस राखून ठेवले आहेत, एवढे अवश्य विचारावे आणि मिळालेले उत्तर छापावे, अशी माझी आपणास आग्रहाची विनंती आहे.

कळावे,

आपला नम्र,
कला विभागातील एक निवृत्त साहाय्यक