टीप नाही, कापड निसटलं

पुणे, रविवार रात्र

प्रिय चिमे,

बाजारातून येता येता गोणपाटाची पिशवी फाटली म्हणून तू शिवणीच्या टिपेला दोष दिलास. फोटो नीट पाहिला मी. टीप जशीच्या तशी आहे गं, कापडच तिच्यातून निसटलंय. 2018 साली प्लास्टिकच्या पिशव्यांवर बंदी आली तेव्हा मी पहिली गोणपाटाची पिशवी शिवली, तिचंही हेच झालं. गिरणीतून आणलेलं पाच किलो पीठ जिन्यात सांडलं. रडूच आलं होतं मला.

गोणपाटाची वीण विरळ, धागे एकमेकांना घट्ट धरत नाहीत. तू अर्धा इंचही माया, म्हणजे टिपेबाहेरचं जादा कापड, सोडलेली नाहीस, मग ओझं पडल्यावर ते सरकणारच. निदान एक इंच सोड. आणि नुसत्या मायेवर भागत नाही. कापलेल्या कडेवर मांजरपाटाची पट्टी दुमडून टीप मार. आत अस्तरही मांजरपाटाचंच लाव, म्हणजे भार ते पेलतं. ते आटतं, तेव्हा आधी भिजवून वाळवून घे.

कापताना खडूवर विसंबू नकोस, कापड हातात तिरकं पळतं. एक धागा हलकेच ओढून काढ, सरळ रेघ उमटेल. तिच्या दोन्ही अंगांना एकेक टीप मारायची, मगच मधून कात्री. हे जमलं त्या दिवशी मला फार आनंद झाला होता.

सुई 16 नंबरची, थर जाड असतील तिथे 18. टाका साधारण 3 मिलिमीटर. पिशवीचे बंद वरच्या काठाला टाचू नकोस, बुडाखालून फिरवून आण. तागाचा भुसा मशीनच्या दातांत साचतो, म्हणून प्रत्येक पिशवीनंतर ब्रशने झाडायचं. शिवताना नाकाला रुमाल बांध.

रविवार पेठेतून मी नवं कापड आणलंय, तुझ्यासाठीही दोन मीटर. रॉकेलसारखा वास येतोय. ताग मऊ करायला तेल वापरतात, त्याचा. दोन दिवस गच्चीवर वाऱ्याला टाकलं की कमी होतो.

फाटलेली पिशवी टाकू नकोस, येताना घेऊन ये. शिवण उसवून पट्टी घालू. मशीनखाली जाणार नाही तिथे सुतळीने हातानेच शिवू; आईचं दाभण आहे माझ्याकडे.

तुझीच,
मनी