बर्बनला स्टार देण्याआधी बाटलीवरचं लेबल तरी वाचा

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत बर्बन या अमेरिकन व्हिस्कीवर अर्धं पान आलं, फोटो झकास होता, पण खाली पाच बाटल्यांना जे स्टार वाटले ते पाहून राहवलं नाही म्हणून हे पत्र लिहून राहिलो. सगळ्यात महाग बाटलीला पाच स्टार, तिच्याहून स्वस्तीला चार, मग साडेतीन, असं करत करत सगळ्यात स्वस्त बिचारी दोनवर. लिहिणाऱ्यानं खरंच चाखून पाहिलं की दुकानातल्या रेटकार्डावरून उतरवून काढलं तेच कळत नाही. आणि वरून हेडिंग काय तर केंटकीच्या पाच बर्बन, अन् त्यात जॅक डॅनियल्स! बाप्पा, ती टेनेसीची आहे, केंटकीच्या खालच्या राज्यातली, लिंचबर्ग गावातली. दारू भट्टीतून बाहेर आल्यावर पिंपात भरायच्या आधी ती साखरी मेपलच्या लाकडाच्या कोळशातून थेंब थेंब गाळतात, त्याच गोष्टीवर टेनेसीवाले आपली चूल वेगळी मांडतात, आणि कंपनी स्वतः लेबलवर बर्बन लिहीत नाही, टेनेसी व्हिस्की लिहिते. बाटली हातात घेऊन समोरून वाचली असती तरी एवढं दिसलं असतं. (जाता जाता, हे लिंचबर्ग ज्या मूर काउंटीत आहे तो दारूबंदीचा इलाखा आहे, कारखान्यात आठवणीची बाटली विकायला तेवढी सूट दिलेली. आमच्या शेजारचा वर्धा जिल्हा आठवला की नाही? फरक इतकाच की वर्ध्यात असा कारखाना नाही.)

दुसरं म्हणजे केंटकीत बनली तरच बर्बन असंही छापलंय. तसा काही नियम नाही. अमेरिकेत कुठंही बनवा, फक्त धान्यात निदान 51 टक्के मका पाहिजे, आतून जाळलेलं ओकचं कोरं पिंप पाहिजे, पिंपात भरताना अल्कोहोल 62.5 टक्क्यांच्या वर नको, आणि बाटलीत 40 टक्क्यांच्या खाली नको. वरून रंग नाही की चव नाही, स्कॉचमध्ये कॅरॅमलचा रंग चालतो, इथं तोही चालत नाही, जो काही लालसर रंग दिसतो तो सगळा पिंपाचा. 1964 साली अमेरिकेच्या काँग्रेसनं ठराव करून बर्बन हे आपल्याच देशाचं खास पेय ठरवून टाकलं. आता बहुतेक माल केंटकीतूनच येतो हे खरं, तिथं चुनखडीच्या दगडातून झिरपलेलं पाणी आहे ज्यात लोह नसतं, मका भरपूर, उन्हाळा कडक आणि हिवाळाही कडक. माणसं साधारण 45 लाख आणि गोदामात मुरत पडलेली पिंपं एक कोटीच्या वर, म्हणजे माणशी दोनाच्या वर पिंपं आली, लहान पोरं धरून.

आता मुद्द्याचं. बर्बन बर्बनमध्ये तुलना करायची तर किमतीच्या आधी धान्य पाहा. मका तर सगळ्यातच आहे, त्यानं गोडवा येतो, मजा आहे ती दुसऱ्या धान्यात. बहुतेक जण राय घालतात, गव्हाच्या भावकीतलं थंड मुलखातलं धान्य, त्यानं जिभेवर तिखटसर झटका येतो, सावजी रश्श्यातल्या मिऱ्यासारखा, घोट खाली गेला की मागून येणारा. मेकर्स मार्कवाले रायच्या जागी गहू घालतात, त्यामुळे ती मऊ लागते, साखरेचा पाक आणि व्हॅनिला, झटका नाहीच. वाइल्ड टर्कीत राय आहे आणि पिंप इतकं खोल जाळलेलं की आतलं लाकूड मगरीच्या पाठीसारखं तडकतं, तिथं त्याला ॲलिगेटर चारच म्हणतात (हा चार आकडा नाही, इंग्रजीत चार म्हणजे जाळणं). तिची 101 वाली बाटली घ्या, 101 म्हणजे प्रूफ, त्याचं अर्धं केलं की 50.5 टक्के, आणि आपल्या देशी व्हिस्कीवर 42.8 असतं ते माहितीच आहे. आता तुमच्या लेखकानं या दोघींना एकाच रांगेत उभं करून एकीला स्मूद म्हणून चार स्टार अन् दुसरीला हार्श म्हणून अडीच दिले. अरे पण ती तशीच बनवलीये ना भाऊ! दोन थेंब पाणी टाकून बघायचं होतं.

आमच्या मित्रमंडळींत थंडीत गच्चीवर हा कार्यक्रम असतो, बाहेरून येणाऱ्यांपैकी कुणी ना कुणी बाटली आणलेली असते. पद्धत साधी आहे. घरातलं जे माणूस पिणार नाही ते आत स्वयंपाकघरात ग्लास भरतं, ग्लासाच्या बुडाला पट्टी चिकटवून नंबर टाकतं, बाटल्या आतच राहतात. एका वेळी चारच्या वर ग्लास नाही, प्रत्येकात 15 मिली, कमी टक्क्याची आधी आणि जास्तीची शेवटी, नाहीतर 50 टक्क्यांचा घोट घेतल्यावर 40 वाली नुसतं पाणी वाटते. ग्लास तोंडाशी निमुळता असला तर वास धरून ठेवतो, नसला तर वाईनचा छोटा ग्लास चालतो, स्टीलचा पेला मात्र नको. वास घेताना तोंड थोडं उघडं ठेवायचं, नाक एकदम आत खुपसलं की स्पिरिटच झोंबते आणि पुढची पाच मिनिटं काहीच कळत नाही. एकमेकाला न सांगता कागदावर लिहायचं, बोलायचं नंतर. कारण एक जण चॉकलेट म्हणाला की सगळ्यांना चॉकलेटच यायला लागतं, हे मी लय वेळा पाहिलंय.

मागच्या हिवाळ्यात गंमत झाली. ज्यांच्या घरी बसलो होतो त्या वहिनी थेंबभर घेत नाहीत, ग्लास भरून ट्रे बाहेर घेऊन आल्या आणि ठेवता ठेवता म्हणाल्या, तीन नंबरला पिकल्या केळाचा वास आहे हो. आम्ही सगळे नाक लावून बसलो, कुणी व्हॅनिला लिहिलं, कुणी ओलं लाकूड, एकानं मोहफुलं लिहिलं (तो देसाईगंजकडचा, त्याला सगळ्यातच मोह येतो). पट्टी काढून नंबर जुळवले तर तीन नंबर जॅक डॅनियल्स, आणि तिच्या वासात केळ असते हे जगभरचे पिणारे सांगतात. एक नंबरला त्यांनी भाजलेल्या शेंगदाण्याचं टरफल म्हटलं होतं, ती जिम बीमची पांढरी लेबलवाली निघाली, तेही बरोबरच. म्हणजे ज्या बाईचं नाक रोज फोडणीवर तयार झालंय तिनं आम्हा सगळ्या बर्बनवाल्यांना गुंडाळून ठेवलं. त्या रात्री सगळ्यात जास्त पसंती मिळाली ती टेबलावरच्या सगळ्यात महाग बाटलीला नाही, हे तुमच्या लेखकाला मुद्दाम कळवा.

आणि एक नागपूरची गोष्ट, जी तुमच्या लेखात यायला पाहिजे होती कारण पेपर नागपुरात निघतो. तिकडची पुस्तकं म्हणतात रूम टेंपरेचरला चाखा. कोणती रूम? मे महिन्यात आपल्या खोलीत रात्री दहाला 36-37 डिग्री असते, त्या गरमीत दारूची वाफ आधी नाकात जाते आणि बाकीचा वास मागं राहते. कूलर सुरू असला तर वाळ्याच्या ताट्यांचा वास वेगळाच. चाखायचं असेल तर डिसेंबर-जानेवारी, नाहीतर एसी लावून खोली गार करून. बाटली माळ्यावर ठेवू नका, उन्हाळ्यात माळा भट्टी होते, आणि आडवी तर अजिबात ठेवू नका, ती वाईन नाही, बुचाला दारू सतत लागून राहिली की बूच खराब होऊन तुकडे ग्लासात. चकणा म्हणाल तर साधे फुटाणे नाहीतर मुरमुरे, बस. आधी तर्री-पोहे किंवा सावजी मटण खाऊन आलेल्या माणसाच्या मताला त्या दिवशी किंमत देऊ नये असा आमच्यात नियमच आहे. चाखणं झालं, कागद गोळा झाले, की मग बर्फ टाका, आणि संत्र्याच्या सालीची पट्टी ग्लासावर पिरगाळा, आपल्या संत्र्याची साल ढिली असते, हातानं निघते, तेल भरपूर. केंटकीवाल्यांना हे सुख नाही.

लेबलवरून काय काय कळतं तेही लिहायला हवं होतं. स्ट्रेट लिहिलं असेल तर निदान दोन वर्षं पिंपात मुरलेली, आणि चार वर्षांच्या आतली असेल तर वय छापावंच लागतं. म्हणजे स्ट्रेट आहे आणि वय छापलं नाही तर ती किमान चार वर्षांची समजा. बॉटल्ड इन बाँड दिसलं तर अजून पक्कं, तो 1897 चा कायदा आहे, त्या काळी व्यापारी कच्च्या दारूत रंग अन् तंबाखूचं पाणी घालून व्हिस्की म्हणून विकायचे, त्यावर हा उपाय. एकाच कारखान्याची, एकाच हंगामाची, सरकारी देखरेखीतल्या गोदामात निदान चार वर्षं, आणि बरोबर 50 टक्के. लेबलवरचे हे शब्द तुमच्या स्टारपेक्षा जास्त सांगतात. फोर रोझेसवाले तर दोन तऱ्हेचं धान्य आणि पाच तऱ्हेचं यीस्ट वापरून दहा वेगवेगळ्या रेसिपी बनवतात, सिंगल बॅरलच्या, म्हणजे एकाच पिंपातून भरलेल्या, काही बाटल्यांवर रेसिपीची अक्षरंही देतात, ज्याला हौस आहे त्यानं शोधून काढावं.

किमतीचं जे लिहिलं तेही अर्धवट. बर्बनवरची ड्यूटी कमी झाल्यामुळे आता निम्म्या किमतीत, असं वाक्य आहे. फेब्रुवारी 2025 मध्ये केंद्रानं 150 टक्क्यांची 100 केली हे खरं. पण हिशोब करा ना, बंदरावर 100 रुपयाचा माल आधी 250 ला पडायचा तो आता 200 ला पडतो, म्हणजे वीस टक्के उतरला, तोही बंदरावर. त्यानंतर राज्याची एक्साईज, व्हॅट, डिस्ट्रिब्युटर, दुकानदार. आपल्या राज्यानं 2021 मध्ये आयात स्कॉच व्हिस्कीवरची एक्साईज 300 ची 150 टक्के केली होती तेव्हाही कुणी फुकट वाटली नव्हती. तो लेख वाचून एक काका आमच्या भागातल्या दुकानात जाऊन निम्म्या भावासाठी भांडत होते, दुकानदार हात जोडून उभा.

एक गोष्ट लेखात आली असती तर मजा आली असती. नियमाप्रमाणे बर्बनला दरवेळी कोरं पिंप लागतं, मग वापरलेल्या पिंपांचं काय, तर ती स्कॉटलंडला जातात आणि आपल्याकडेही येतात, बंगळुरूची अमृत आणि गोव्याची पॉल जॉन दोघंही बर्बनची पिंपं वापरतात. म्हणजे जो माणूस देशी सिंगल माल्ट पिऊन व्हॅनिला आला म्हणतो, तो केंटकीचंच लाकूड चाखून राहिला. केंटकीत गोदामाच्या वरच्या मजल्यावर इतकं तापते की पिंपातून पाणीच जास्त उडून जातं आणि दारू वर्षागणिक कडक होते, स्कॉटलंडमध्ये उलटं. बंगळुरूत वर्षाला 10-12 टक्के उडून जाते म्हणतात. नागपुरात एखादं पिंप ठेवलं तर किती उरेल याचा आम्ही गच्चीवर लय विचार केलाय.

मी काही प्या म्हणून सांगत नाही, दारू नाही घेत तो सुखी आहे, आणि घेणाऱ्यानं महाराष्ट्रात 25 वर्षं पूर्ण आणि खिशात परमिट एवढं पाळावं. गाडी चालवत घरी जायचं असेल तर 15 मिलीचे चार ग्लासही नकोत. पण छापताच आहात तर नीट छापा. वाचकांनी बोललं की फरक पडतो, 2013 मध्ये मेकर्स मार्कनं माल पुरत नाही म्हणून 45 टक्क्यांची 42 करायचं जाहीर केलं, पिणाऱ्यांनी अशी बोंब मारली की आठवड्याभरात निर्णय मागं घेतला.

तर माझी मागणी एवढीच, पुढच्या अंकात जॅक डॅनियल्सची दुरुस्ती टाका, निम्म्या किमतीचं वाक्य मागं घ्या, आणि पुढच्या वेळी तक्त्यात स्टारच्या जागी टक्के, वय आणि राय की गहू हे तीन रकाने द्या. लेखकाला डिसेंबरात गच्चीवर यायचं असेल तर स्वागत आहे, पण सावजी खाऊन येऊ नका म्हणा.

कळावे,
तुमचा एक जुना वाचक, नागपूर